दरीतली माणसं आणि फौजदार

जुळारी मजकूर वाचत नाही, असं मी सांगतो तेव्हा लोकांना ते खोटं वाटतं. चाळीस वर्षं मी छापखान्यात शिशाचे खिळे, म्हणजे सुट्या अक्षरांचे ठसे, जुळवले. डाव्या हातात स्टिक नावाची लोखंडी पट्टी, समोर खणाखणांची लाकडी केस आणि डोळा हस्तलिखितावर. 'क' कुठल्या खणात आणि 'क्ष' कुठल्या, हे डोक्यापेक्षा बोटांना जास्त ठाऊक असतं. मजकूर डोळ्यांतून शिरतो आणि बोटांतून बाहेर पडतो. लग्नपत्रिका, कुस्त्यांच्या जाहिराती, जन्मपत्रिकांचे नमुने, कुणाच्या तरी वडिलांचं श्लोकबद्ध चरित्र, असं सगळं मी जुळवलं. संध्याकाळी कुणी विचारलं की आज काय केलंस, तर मला सांगता आलं नसतं.

एकाच गिऱ्हाइकाचा मजकूर मी जुळवताना खरोखर वाचला. आणि त्याच मजकुराचा न वाचलेला भाग वाचलाय, असंही एकदा सांगितलं. हे लिहायला बसलोय ते त्या दुसऱ्या गोष्टीसाठी.

चव्वेचाळीसचा उन्हाळा होता. मी सत्तावीस वर्षांचा, साताऱ्यातल्या एका लहान छापखान्यात मुख्य जुळारी. मुख्य म्हणजे एकटाच. मशीनवर किसन. मालक आप्पा मूळचे सांगलीकडचे जैन. कागदाच्या खटपटीला ते महिन्यातले पंधरा दिवस तिकडेच असत. बेचाळीसनंतर साताऱ्यात छापखाना चालवणं म्हणजे दारूगोळ्याचं दुकान चालवण्यासारखं झालं होतं. खेडोपाडी भूमिगतांचं राज्य, शहरात पोलिसांचं, आणि दोघांनाही छापखान्यात रस.

असल्या दिवसांत एक सुभेदार आले. रहिमतपूरजवळचे पेन्शनर, पन्नाशी ओलांडलेले, डावा पाय थोडा ओढत चालणारे. बगलेत जाड वही. मला वाटलं, पराक्रमाच्या आठवणी असतील.

"काय छापायचंय, सुभेदार?"

"माणसं," ते म्हणाले. "जी आता ऱ्हायली न्हाईत ती."

पहिल्या लढाईत ते फ्रान्समध्ये होते. पायात गोळी लागल्यावर इस्पितळात आणि मग तिथल्याच एका डॉक्टरसाहेबाकडे ऑर्डर्ली. त्या साहेबाला गुहा धुंडाळायचा नाद. दगडाची हत्यारं, हाडं, कवट्या. सुभेदार पिशवी धरायचे आणि विचारायचे. साहेब सांगायचा. पुढे वीस वर्षं सुभेदारांनी जिथे मिळेल तिथून पुस्तकं मिळवून वाचली आणि मोठ्या टाकाच्या बाळबोध अक्षरात ही वही लिहिली. कवटीची चित्रंही स्वतःच काढलेली, समोरून आणि बाजूने, एकेक रेघ मोजून मारल्यासारखी.

जर्मनीत एक दरी आहे, तिच्या नावावरून या माणसांना निअँडरथल म्हणतात. आमच्याकडे 'अँ'चे खिळे मोजून तीस. चौथ्या पानालाच संपले. मी सुभेदारांना कार्ड टाकलं, नाव 'नेंडरथल' असं केलं तर चालेल का? उत्तर आलं, "चालेल. त्यांचं खरं नाव कुणाला ठाऊक नाही." किसन त्यांना सरळ निंदरथळ म्हणायचा.

हळूहळू मी वाचायला लागलो. ही माणसं आपल्यासारखीच दोन पायांवर ताठ चालणारी, पण बांधा निराळा. उंचीला कमी, छाती पिंपासारखी, हाडं आपल्याहून जाड, हाताचा आणि पायाचा खालचा भाग आखूड. कपाळ मागे उतरतं, भुवयांवर हाडाची कमान, नाक मोठं, हनुवटी नाहीच म्हटली तरी चालेल. कवटी मागच्या बाजूला फुगलेली. मेंदू मात्र आपल्याएवढाच, कधी जास्तच. विस्तव वापरत, दगड तासून हत्यारं करत, मेलेल्याला पुरत. जनावराला जवळ जाऊन भोसकत, म्हणून त्यांच्या हाडांवर मोडून सांधल्याच्या खुणा फार.

त्या वेळच्या पुस्तकांत म्हणे ही माणसं गुडघ्यात वाकून चालतात असं लिहिलेलं असे. सुभेदारांना ते मान्य नव्हतं. ज्या सांगाड्यावरून हे ठरवलं तो एका म्हाताऱ्याचा होता, सांधे धरलेला, दात पडलेला. "एका संधिवाताच्या म्हाताऱ्यावरून आख्खी जात वाकडी ठरविली," असं ते मला म्हणाले होते. "आमच्या गावात माझ्यावरून ठरवा, सगळी लंगडी." पुढे बऱ्याच वर्षांनी एका मासिकात वाचलं, तज्ज्ञही त्याच मताला आले होते. सुभेदारांचं नाव अर्थात त्यात नव्हतं.

त्या म्हाताऱ्यापर्यंत सोळा पानं जुळवून झाली. वहीचं शेवटचं प्रकरण बाकी होतं: ही माणसं नाहीशी का झाली.

तेवढ्यात तो मंगळवार आला.

दुपारचे तीन वाजले असतील. मी पुढच्या खोलीत खिडकीपाशी केसवर उभा होतो. मशीन मागच्या खोलीत. किसनचं पायानं चालवायचं ट्रेडल मशीन थांबलेलं होतं आणि ते का थांबलंय हे मला माहीत होतं. किसन अधूनमधून भूमिगतांची पत्रकं छापायचा. जुळवायचाही स्वतःच, वेडंवाकडं. मी त्याला कधी विचारलं नाही, त्यानं कधी सांगितलं नाही. त्या दिवशी पत्रकाचा फर्मा, म्हणजे चौकटीत आवळलेली खिळ्यांची पानं, मशीनवर चढलेला होता. शाई लावून झाली होती. कागद लावायचा अवकाश.

दारात सावली पडली. फौजदार आणि एक हवालदार. दोन शिपाई बाहेर उंबऱ्याशीच थांबले.

हे फौजदार आरडाओरडा करणाऱ्यांतले नव्हते. बी. ए. झालेले, चष्मा लावणारे, हळू बोलणारे. शहरात त्यांच्या ओरडण्यापेक्षा त्यांच्या हळू बोलण्याला लोक भीत.

"मालक?"

"सांगलीला गेलेत, साहेब."

"मग आपण बोलू." त्यांनी हवालदाराला कपाट दाखवलं. "मागे काय आहे?"

"मशीन. साफसफाई चाललीय."

मागून रॉकेलचा वास आला. किसननं फर्म्यावरची शाई पुसायला घेतली होती. पण शाई पुसून भागत नाही, अक्षरं जागेवरच असतात. फर्मा उतरवायचा, चौकट सैल करायची आणि जुळणी मोडून सुटे खिळे टोपलीत टाकायचे. मग देवालासुद्धा काय लिहिलं होतं ते कळणार नाही. त्याला निदान पाव तास हवा होता. आणि शिसं टोपलीत पडताना आवाज होतो.

फौजदारांनी माझ्या केसवरची वही उचलली. "हे काय?"

"सुभेदारांचं पुस्तक आहे. जुन्या काळच्या माणसांवर."

"किती जुन्या?"

"हजारो वर्षांपूर्वीच्या. युरोपातल्या."

त्यांनी पानं चाळली आणि थांबले. मग वाचून दाखवलं, माझ्याकडे बघत. "'नंतर त्या मुलखात बाहेरून नवे लोक आले. त्यांची हत्यारे चांगली होती व एकमेकांशी संधान होते. जुने रहिवासी अंगबळाने श्रेष्ठ, परंतु टोळ्याटोळ्यांत विखुरलेले. हळूहळू शिकारीच्या जागा नव्यांकडे गेल्या व जुने हटत गेले.'" वही खाली करून त्यांनी विचारलं, "हे नवे लोक म्हणजे कोण?"

"आपलेच पूर्वज, साहेब. म्हणजे आजची सगळी माणसं."

"असं आहे काय." ते केसच्या कडेला टेकले. "सांगा मला. सविस्तर सांगा."

मी सांगायला लागलो. इतकं बोललो नसेन आयुष्यात. भुवईची कमान स्वतःच्या कपाळावर बोट फिरवून दाखवली. हनुवटी धरून म्हटलं, ही त्यांना नव्हती. छातीचा घेर हातांनी दाखवला. मागे किसन मूठ मूठ खिळे टोपलीत सोडत होता. त्यानं टोपलीत चिंध्या घातल्या असाव्यात, तरी बारीक खुळखुळ येत होती. ती आली की मी आवाज चढवायचो. 

फौजदार मुद्द्याचं विचारत होते. मेंदू लहान नव्हता तर हरले कसे? भाषा होती का? दोघांची लढाई झाल्याचा पुरावा आहे? मला जेवढं जुळवलेलं आठवत होतं तेवढं मी सांगितलं आणि सोळाव्या पानापाशी माझं ज्ञान संपलं.

त्याच वेळी मागे एक मोठी मूठ पडली. हवालदारानं कपाटातून डोकं काढलं आणि मागच्या दाराकडे पाहिलं.

फौजदार म्हणाले, "ज्यानं लिहिलं त्याच्या मनात काय असेल? तुम्हाला काय वाटतं?"

इथे मी खरं उत्तर देऊ शकलो असतो. त्या माणसाच्या मनात फक्त हाडं आहेत आणि त्याचा मुलगा या घटकेला इटलीत सरकारच्या बाजूनं लढतोय, एवढं म्हणायचं. फौजदार शहाणे होते, वही ठेवून मागे गेले असते.

मी म्हणालो, "लेखकाच्या मनातलं मी काय सांगणार, साहेब? आम्ही नुसते खिळे लावतो. पण शेवटचं प्रकरण वाचताना मलाही जरा वेगळं वाटलं होतं."

मी ते प्रकरण वाचलंच नव्हतं. पण 'नवे लोक' म्हणजे इंग्रज, हा त्यांचा संशय तेवढ्यानं पक्का झाला.

फौजदारांनी माझं स्टूल ओढलं, त्यावर बसले आणि ते प्रकरण पहिल्या ओळीपासून वाचायला घेतलं. हवालदारही त्यांच्याकडे बघत उभा राहिला. वीस मिनिटं ते पानं उलटत होते आणि मागचा आवाज झाकायला मी केसमधले खिळे उगाच खुळखुळवत होतो. मग किसन हात पुसत दारात आला आणि म्हणाला, "साहेब, मशीन बघायचं असंल तर बघून घ्या."

त्यांनी बघितलं. काही नव्हतं. वही, छापून काढलेली प्रुफं आणि सुभेदारांचं कार्ड घेऊन ते गेले. मला म्हणाले, "तुमची मदत झाली."

ते वळणावर दिसेनासे झाल्यावर मी किसनला म्हणालो, "सुभेदारांना उचलतील."

"सुटंल रं म्हातारा. फौजी हाय, पेन्शनर हाय. त्याला काय करत्यात?" तो टोपलीतल्या चिंध्या झटकत होता. "आपुन घावलो असतो तर कवा सुटलो असतो, सांग बरं."

त्याचं चुकत होतं असं मी आजही म्हणणार नाही.

सुभेदारांना साताऱ्याला बोलावणं आलं. चार दिवस ते रोज सकाळच्या गाडीनं यायचे, पदकं लावून कचेरीतल्या बाकावर बसायचे आणि संध्याकाळी परत जायचे. दोनदा मी रस्त्याच्या पलीकडून त्यांना पाहिलं. ताठ बसले होते. शेजारी कुणी बसत नव्हतं. पाचव्या दिवशी 'पुन्हा असलं काही लिहिणार नाही' असं लिहून घेऊन त्यांना सोडलं. वही दिली नाही.

आप्पा आले, सगळं ऐकलं आणि म्हणाले, "त्यांची पानं मोडून टाक. आजच." जुळवलेली सोळा पानं सुतळीनं बांधून माझ्या कप्प्यात तशीच होती. पोलिसांनी कागद नेले, शिसं नेलं नाही. त्यांना ते लिखाण वाटलं नसावं. मोडण्याआधी मी प्रत्येक पानावर शाई फिरवली, ओला कागद ठेवला आणि तळहातानं दाबून एकेक छाप काढला. मग खिळे आपापल्या खणांत परत टाकले. 'अँ'चे तीसही.

पुढच्या रविवारी मी रहिमतपूरला उतरलो. सुभेदार अंगणात बाज विणत होते. मी ती सोळा पानं त्यांच्यापुढे ठेवली आणि उभ्यानंच सगळं सांगितलं. किसनचं नाव घेतलं नाही, पण मागे काय चाललं होतं ते सांगितलं. मी काय बोललो ते शब्दाला शब्द सांगितलं.

त्यांनी काथ्या ओढून गाठ मारली.

"म्हंजे फौजदार माझं वाचत हुता, तवा तुमचं मागं उरकत हुतं."

"होय."

"मला चार दिस एकच कोडं पडलं हुतं. माझ्या लिवण्यात त्यास्नी असं दिसलं काय?" त्यांनी काथ्या खाली ठेवला. "बाकावर बसून मी माझं काय व्हईल ते बघत नव्हतो. पोरगा तिकडं लढतोय. हितनं कागद गेला, बाप सरकारच्या इरुद्ध लिवतोय, तर त्याच्या पलटणीत त्याचं काय? त्यो भ्या मला हुता."

त्यांनी सोळा पानं उचलून ओसरीवर ठेवली.

"पोरं काय छापत हुती, का छापत हुती, ते मला इचारायचं न्हाई. पर तू मला पुढं केलंस आन मला ठावंच न्हाई. इचारलं असतंस तर मी सोताहून हुबा ऱ्हायलो असतो."

"तेव्हा विचारायला वेळ नव्हता, सुभेदार."

"व्हय, नव्हता," ते म्हणाले. "आता हाय. पर आता काय उपेग?" आणि बाज उलटी करून पुन्हा विणायला लागले. मी स्टेशनवर परत आलो.

दोन महिने काही नाही. मग कार्ड आलं. "सोळा पाने वाचली. सात चुका आहेत. पेन्सिल घेऊन ये."

त्यानंतरचे सात-आठ रविवार मी त्यांच्या ओसरीवर बसून ते शेवटचं प्रकरण उतरून घेतलं. 'लिहिणार नाही' असं त्यांनी लिहून दिलं होतं, म्हणून ते फक्त बोलायचे. मूळचं लेखी भाषेतलं प्रकरण गेलं ते गेलंच. हे नवं त्यांच्या बोलीत आलं आणि माझ्या मते जास्त चांगलं आलं.

पहिल्याच रविवारी मी विचारलं, "नव्या लोकांनी त्यांना मारलं का?"

"मारामाऱ्या झाल्या असतील. शेजारी म्हटल्यावर हुत्यात. पर मोठी कत्तल झाल्याची हाडं कुटं न्हाईत." मग त्यांनी विचारलं, "आमी फ्रान्सात पहिला हिवाळा कशावर काढला, सांग. छातीवर? छाती सगळ्यांचीच हुती. मागनं रसद येत हुती, म्हणून काढला. ज्या तुकडीची रसद तुटली ती गेली, मग किती का शूर असंना."

त्यांचं म्हणणं असं. ही माणसं दहा-पंधरांच्या टोळ्यांनी राहत. एका टोळीपासून दुसरी लांब. त्यांच्या हत्यारांचा दगड बहुतेक जवळपासचाच. नव्या लोकांच्या मुक्कामात मात्र लांबच्या समुद्राचे शिंपले सापडतात, म्हणजे त्यांची लांबवर सोयरीक होती, देवघेव होती. एखाद्या वर्षी शिकार मिळाली नाही तर त्यांना जायला जागा होती. नव्यांकडे हाडाच्या सुया होत्या, ते अंगाबरोबर कातडं शिवून घालत. अशा जाड हाडाच्या अंगाला खायलाही जास्त लागणार. त्यात हवा पालटत होती, थंडी येत-जात होती, जनावरं मुलूख सोडत होती.

"एका वर्साला संपली न्हाईत ती," सुभेदार म्हणाले. "एका पिढीत दोन पोरं कमी जलमली. फुडच्या पिढीत आनि दोन. टोळीत लग्नाला पोरगी न्हाई, आन शेजारची टोळी कवाच उठून गेलेली. श्येवटच्या माणसाला ठावंबी नसंल, आपुन श्येवटचं हाय म्हणून."

"सगळीच गेली?"

"काही नव्यांच्यात मिसळली असतील. दोन माणसं जवळ ऱ्हायली की पोरं हुत्यात, त्याला कवटीचा आकार आड येत न्हाई. पर हे माझं मत. खाली तसं लिव. पुरावा न्हाई."

मी तसं लिहिलं. आज मी हे लिहीत असतानाही तज्ज्ञांचा यावर वाद चालू आहे, एवढंच मला माहीत आहे.

पंचेचाळीसला आप्पांनी साताऱ्याचा छापखाना बंद केला. किसन त्याआधीच निघून गेला होता. पुढे पुण्यात एका छापखान्यात लागल्याचं कळलं. मी माधवनगरला आप्पांच्या मेहुण्यांकडे लागलो. तो संस्थानी मुलूख, सातारच्या फौजदारांची हद्द तिथवर पोचत नव्हती. शेहेचाळीसच्या हिवाळ्यात, कामाचे तास संपल्यावर, मी ते पुस्तक पुन्हा पहिल्यापासून जुळवलं. अठ्ठावीस पानं. चित्रं नाहीत. सुभेदारांना मी म्हणालो होतो, परत काढा. त्यांनी हात पुढे करून दाखवला. बोटं थरथरत होती. त्या रेघांची मला अजून चुटपुट आहे. त्या कुठल्या दप्तरात कुजल्या असतील कोण जाणे.

बांधणी झाल्यावर पहिली प्रत घेऊन मी रहिमतपूरला गेलो. त्यांचा मुलगा इटलीहून सुखरूप परतला होता, ओसरीवर बसला होता. सुभेदारांनी पुस्तक उघडलं आणि डोळ्यांजवळ धरून शेवटचं प्रकरण पूर्ण वाचलं.  मला त्या वीस मिनिटांची आठवण येत होती आणि मला वाटतं, त्यांनाही येत असावी.

वाचून झाल्यावर ते म्हणाले, "चूक न्हाई."

तेवढ्यात सून पाणी घेऊन बाहेर आली. ती मला ओळखत नव्हती; आजवर मी आलो तेव्हा ती माहेरी आटपाडीला असायची. तिनं सासऱ्यांकडे पाहिलं.

"ह्यो साताऱ्याच्या छापखान्यातला," सुभेदार तिला म्हणाले. "मागं मला कचेरीत बसाय लावलं त्ये ह्यानंच. आन ह्ये पुस्तक केलं त्येबी ह्यानंच. दोन्ही खरं हाय."

मुलगा माझ्याकडे बघायला लागला. सून तांब्या घेऊन तशीच उभी राहिली.

"हुबी काय ऱ्हायलीस," सुभेदार म्हणाले. "लांबनं आलाय. वाढ त्याला."